विडरशिन्स : सूर्याच्या उलट फेऱ्यांना मराठीत काय म्हणावं?

आडवाट

एका जुन्या परीकथेच्या मराठी रूपांतरात 'विडरशिन्स' हा शब्द अडला आहे. कथा 'चाइल्ड रोलंड'ची. जोसेफ जेकब्स यांनी १८९० साली छापलेल्या इंग्लिश परीकथांच्या संग्रहात ती आहे. चेंडू चर्चच्या छपरापलीकडे जातो, तो आणायला एलन चर्चला वळसा घालून धावते आणि नाहीशी होते. का? तर ती 'विडरशिन्स' गेली, म्हणून पऱ्यांनी तिला उचललं. पुढे धाकटा भाऊ रोलंड तिला सोडवायला जातो, तेव्हा त्यालाही टेकडीभोवती तीन वेळा विडरशिन्सच फिरावं लागतं. तसं फिरत 'उघड दारा' म्हटल्यावरच टेकडीचं दार उघडतं.

शब्दकोशात अर्थ 'घड्याळाच्या काट्यांच्या उलट'. पण तसं लिहिलं की परीकथेत भिंतीवरचं घड्याळ घुसतं. 'उलट्या दिशेने' म्हटलं तर पोर पाठमोरी चालत गेली असं वाटेल. 'अपसव्य' म्हटलं तर आठ वर्षांच्या वाचकाला श्राद्ध समजावून सांगावं लागेल. शिवाय दोन्ही ठिकाणी एकच शब्द हवा, कारण ज्या फेरीने ती हरवली त्याच फेरीने ती सापडते. कथेची खुबी त्यातच आहे.

शब्दाचा नेमका अर्थ, वापर आणि मराठी पर्याय, तिन्हींवर लिहा.

रानजाई

आधी उच्चार. 'विडर' वर जोर, मग 'शिन्झ'. स्पेलिंगमध्ये दोन डी. 'विदरशिन्झ' असं दुसरं रूपही चालतं, दोन्ही बरोबर. शेवटचा 'एस' अनेकवचनाचा नाही, म्हणून 'एक विडरशिन' असं काही नसतं. नडगीच्या 'शिन'शीही त्याचा संबंध नाही.

शब्द स्कॉटलंडमधून इंग्रजीत आला आणि स्कॉटलंडमध्ये तो जर्मनकडून आला. जुन्या जर्मनमध्ये 'विडर' म्हणजे विरुद्ध आणि 'सिन' म्हणजे दिशा, वाट. 'सिन'ची षष्ठी 'सिनेस'. म्हणजे 'विरुद्ध दिशेचा', आणि ही षष्ठी क्रियाविशेषणासारखी वापरायची. इंग्रजीतल्या 'ऑलवेज', 'बॅकवर्ड्झ' यांच्या शेवटचा एस याच जातीचा आहे. आपण 'दिशा'ला 'ने' लावून 'दिशेने' करतो आणि कसं गेला ते सांगतो, तेच काम तिथे षष्ठी करते. म्हणून हा शब्द मुळात 'कसं गेली?' याचं उत्तर आहे. विशेषण म्हणूनही तो वापरतात, पण क्वचित.

तिरपा कौल

रानजाई, छान. एक भर घालतो. सगळ्यात जुन्या वापरात फेरी नाहीच. गेविन डग्लस या कवीने व्हर्जिलच्या लॅटिन महाकाव्याचं स्कॉट्स भाषेत भाषांतर केलं, ते १५१३ साली पुरं झालं. त्यात भीतीने केस 'विडरशिन्स' उभे राहतात. म्हणजे केस ज्या अंगाने बसतात त्याच्या उलट. आपण 'केस ताठ उभे राहिले' म्हणतो तेच.

सूर्य नंतर आला. 'सिन' हा भाग लोकांच्या कानाला 'सन'सारखा लागला आणि 'उलट दिशेने'चं 'सूर्याच्या उलट' झालं. व्युत्पत्ती म्हणून हे चूक, पण अर्थ त्यानेच घडवला. आज शब्दात जो अशुभाचा वास आहे तो या चुकीच्या ऐकण्यातूनही आला आहे.

मोडी लिपिक

त्या 'विडर'चं संस्कृतातलं भावंड 'वितरम्', अधिक दूर या अर्थाचं. मूळ एकच.

त्याहून मोठी गोष्ट याच्या जोडशब्दात आहे. विडरशिन्सच्या विरुद्ध 'डेसिल', स्कॉटिश गेलिकमध्ये 'देशल' किंवा 'जेशल' असं ऐकू येतं. त्याच्या मुळाशी 'देस'. 'देस' म्हणजे उजवा, आणि 'देस' म्हणजेच दक्षिण. पूर्वेकडे तोंड करून उभं राहा, उजवा हात दक्षिणेला येतो. संस्कृतात 'दक्षिण'चे हेच दोन अर्थ आणि धातूही तोच, लॅटिनमधला 'डेक्स्टर'ही त्याच घरातला. म्हणजे 'डेसिल' आणि 'प्रदक्षिणा' ही लांबची भावंडं आहेत, आणि दोघांचा अर्थही एकच: उजवी बाजू मध्याकडे ठेवून फिरणं. दख्खन हे नावही त्याच दक्षिणेचं.

कंदील

'डेसिल' इंग्रजी तोंडात 'डीझल' होतो हे लक्षात ठेवा, नाहीतर रूपांतर ऐकणारी मुलं पऱ्यांच्या टेकडीशी पेट्रोलपंप शोधतील :)

घाटमाथा

मोडी लिपिक, मग प्रश्नच मिटला. प्रदक्षिणा जर डेसिल, तर विडरशिन्सला 'उलटी प्रदक्षिणा' म्हणावं.

मोडी लिपिक

मिटत नाही. 'उलटी प्रदक्षिणा' म्हणजे 'डावीकडून उजवी'. शब्दच स्वतःशी भांडतो. गृह्यसूत्रांत, म्हणजे घरच्या विधींच्या जुन्या संस्कृत ग्रंथांत, यासाठी वेगळा शब्द आहे: 'प्रसव्य'. 'सव्य' म्हणजे डावा, डावी बाजू मध्याकडे ठेवून फिरणं ते प्रसव्य. अंत्यविधीच्या संदर्भात तो येतो, आणि आजही चितेभोवती मडकं घेऊन ज्या तीन फेऱ्या होतात त्या अशाच. अर्थ शंभर टक्के जुळतो, पण मराठी कानाला 'प्रसव' ऐकू येणार, तेव्हा मुलांच्या गोष्टीत उपयोग नाही.

निंबोणी

थांबा. सव्य म्हणजे डावा? विज्ञानाच्या मराठी लेखनात 'सव्य' म्हणजे काट्यांच्या दिशेने आणि 'अपसव्य' म्हणजे उलट. उत्तर गोलार्धातली चक्रीवादळं अपसव्य फिरतात, असंच लिहितात.

मोडी लिपिक

दोन्ही खरं, आणि घोळ तिथेच आहे. अर्जुन डाव्या हातानेही बाण सोडतो म्हणून 'सव्यसाची'. तिथे सव्य म्हणजे डावाच. आता जानवं घ्या. नेहमीच्या स्थितीत ते डाव्या खांद्यावरून उजव्या काखेखाली जातं, ते 'सव्य'. पितृकार्यात ते उजव्या खांद्यावर घेतात, ते 'अपसव्य'. नेहमीची, देवकार्याची स्थिती ती सव्य, म्हणून सव्य म्हणजे 'सुलट' असा अर्थ मराठीत रुळला आणि अपसव्य म्हणजे 'उलट'. डावा-उजवा मागे पडला, सुलट-उलट पुढे आलं. श्राद्धात देवांसाठी सव्य, पितरांसाठी अपसव्य असं जानवं पुन्हा पुन्हा फिरवावं लागतं, त्यावरून 'एवढं सव्यापसव्य कशाला' हा वाक्प्रचार.

म्हणून 'अपसव्य' हा विडरशिन्सचा भावार्थाने सर्वांत जवळचा शब्द. दोघांतही दिशा आहे, उलटेपणा आहे आणि पलीकडच्या जगाशी संबंध आहे. एका बाजूला पऱ्या, दुसऱ्या बाजूला पितर.

रानजाई

अनुमोदन, पण एक फरक जपायला हवा. अपसव्य हे विधीतलं मान्य पाऊल आहे, त्यात गुन्हा नाही. स्कॉटलंडमध्ये विडरशिन्स फिरणं हा आरोप होता. नॉर्थ बर्विकच्या चेटकाच्या खटल्यांत, १५९० नंतरच्या काळात, चर्चच्या आवारात पुरुषांना नऊ वेळा आणि बायकांना सहा वेळा विडरशिन्स फिरवल्याचं नोंदलं आहे. त्यावरून माणसं जिवाला मुकली. या शब्दाला जे वजन आहे ते तिथून येतं.

उलट बाजूची नोंद मार्टिन मार्टिन यांच्या १७०३ सालच्या स्कॉटलंडच्या पश्चिम बेटांच्या वर्णनात आहे. घर, धान्य, गुरं यांच्याभोवती उजव्या हातात विस्तव घेऊन सूर्याच्या दिशेने फिरायचं. बाळंतीण आणि बाप्तिस्मा न झालेलं मूल यांच्याभोवतीही विस्तव फिरवत. आपल्या ओवाळणीची आठवण येते, कारण दिवा तिथेही सूर्याच्याच दिशेने फिरतो. ओटची लापशीसुद्धा तिथे उजव्या हाताने, सूर्याच्या दिशेनेच ढवळायची. विडरशिन्स ढवळली की अपशकुन.

ओळंबा

दिशा ठरवताना सगळ्यांची गफलत होते ती इथे: कुठून पाहता?

छताचा पंखा घ्या. खालून पाहिला तर आपल्याकडचे बहुतेक पंखे काट्यांच्या उलट फिरतात. वरच्या मजल्याची फरशी काचेची असती तर तिथल्या माणसाला तोच पंखा काट्यांच्या दिशेने फिरताना दिसला असता. शंखाचंही तसंच. ज्याला आपण 'दक्षिणावर्ती' म्हणतो, तो दुर्मीळ शंख प्राणिशास्त्रात डावखुरा. आपण निमुळती पन्हळ वर धरतो, ते शंखाचं टोक वर धरतात, म्हणून उघडं तोंड एकाला उजवीकडे आणि दुसऱ्याला डावीकडे दिसतं.

चालण्याच्या फेरीत हा घोळ नाही. कसोटी एकच, हात. मध्यावर जे आहे (चर्च, टेकडी, देऊळ) त्याच्याकडे डावा हात असेल आणि तुम्ही पुढे चालत असाल, तर ती विडरशिन्स. उजवा हात असेल तर डेसिल. घड्याळ लागत नाही, सूर्य लागत नाही, ढगाळ दिवस असला तरी चालतं. रूपांतरात हीच कसोटी वापरता येईल: 'चर्च डाव्या हाताला ठेवून ती धावली.'

आडवाट

'डाव्या हाताला ठेवून' हे सुरेख आहे. मूल उठून खुर्चीभोवती करून बघू शकेल.

घाटमाथा

अवांतर: महादेवाच्या देवळातली सोमसूत्री प्रदक्षिणा मग काय म्हणायची? तिच्यात दोन्ही आहेत.

ओळंबा

हो, अर्धी अर्धी. देऊळ पूर्वाभिमुख आहे आणि शाळुंकेची पन्हळ उत्तरेला निघते असं धरा. समोरून निघायचं, उजवा हात पिंडीकडे, पूर्व-दक्षिण-पश्चिम करत उत्तरेच्या पन्हळीपर्यंत यायचं. ती ओलांडायची नाही. तिथून परत फिरायचं, आता डावा हात पिंडीकडे, पश्चिम-दक्षिण-पूर्व करत पन्हळीच्या दुसऱ्या कडेपर्यंत. मग पुन्हा उजव्या हाताने समोर. मधला लांब पल्ला पुरता विडरशिन्स आहे आणि तरी त्यात अशुभ काही नाही, कारण तीर्थाची पन्हळ न ओलांडणं हे तिथलं कारण. म्हणून 'उलट फेरी म्हणजे अपशकुन' असं सरसकट म्हणता येत नाही.

निंबोणी

त्याच न्यायाने मक्केतला तवाफ. काबाभोवतीच्या सात फेऱ्या काबा डाव्या हाताला ठेवूनच होतात. कैलासाभोवती तिबेटच्या बोन पंथाचे यात्रेकरूही डाव्या हाताने जातात, बौद्ध आणि हिंदू उजव्या. या दोन्हींना 'विडरशिन्स' म्हणू नये असं माझं ठाम मत आहे. दिशा जुळते, पण शब्दात 'चुकीची वाट' भरलेली आहे आणि ज्याची ती उपासना आहे त्याच्यासाठी ती बरोबर वाट आहे. तिथे सरळ 'काट्यांच्या उलट' म्हणावं.

तिरपा कौल

निंबोणी, पूर्ण सहमत. याच कारणासाठी यंत्राच्या माहितीपत्रकातही हा शब्द नको. सायकलच्या डाव्या पायडलचे आटे उलटे असतात, ते सोडवायला पाना काट्यांच्या दिशेने फिरवावा लागतो. ॲसिटिलीनच्या सिलिंडरचे आटेही उलटे, आणि ओळखायला नटाच्या कडांवर खाच असते. इथे कोणी 'विडरशिन्स घट्ट करा' लिहिलं तर वाचणारा शब्दकोश शोधेल आणि तोवर वायू गळत राहील.

शब्द कुठे शोभतो? लोककथा, चेटूक, खेळ, लहरी वर्णन. 'वारा गल्लीत विडरशिन्स घुमत होता', असं. हल्लीच्या वाचकाला तो टेरी प्रॅचेट यांच्या 'डिस्कवर्ल्ड' कादंबऱ्यांमध्ये भेटतो. तिथे जग थाळीसारखं चपटं असल्याने पूर्व-पश्चिम नाही. केंद्राकडे, कडेकडे, फिरण्याच्या दिशेने आणि विडरशिन्स अशा चार दिशा आहेत. तिथे तो अशुभ नाही, नुसती दिशा. मराठी करताना आधी ठरवायचं की यातला कुठला विडरशिन्स समोर आहे.

कंदील

पटावरच्या सोंगट्या विडरशिन्स धावतात हे कोणी लिहिलं नाही! पचिसीत सोंगट्या काट्यांच्या उलट जातात. इंग्लंडमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिच्यावरून ल्युडोचं पेटंट निघालं आणि सोंगट्या काट्यांच्या दिशेने धावू लागल्या.

घाटमाथा

एक मूळ शंका. काटे त्या दिशेने का फिरतात? सूर्यामुळेच ना? मग 'सूर्याच्या उलट' आणि 'काट्यांच्या उलट' एकच की.

ओळंबा

युरोपात एकच. उत्तर गोलार्धात, कर्कवृत्ताच्या वर, दुपारचा सूर्य वर्षभर दक्षिणेला असतो. जमिनीत रोवलेल्या काठीची सावली सकाळी पश्चिमेला, दुपारी उत्तरेला, संध्याकाळी पूर्वेला पडते. वरून पाहिलं तर काट्यांचीच दिशा. यांत्रिक घड्याळं तिथे घडली आणि काट्यांनी सावलीची चाल उचलली. दक्षिण गोलार्धात कर्कवृत्ताऐवजी मकरवृत्त धरा, सावली उलट फिरते. म्हणून ऑस्ट्रेलियात विक्का या आधुनिक चेटूक-पंथातले काही लोक आपल्या वर्तुळाची दिशा बदलून घेतात.

महाराष्ट्राची गंमत वेगळी आहे. सगळा महाराष्ट्र कर्कवृत्ताच्या दक्षिणेला. शून्य सावलीचे, म्हणजे दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो ते, दोन दिवस सोडून त्यांच्या मधल्या काळात दुपारचा सूर्य आपल्या उत्तरेला असतो. कोल्हापुरात हा काळ मेच्या पहिल्या आठवड्यात सुरू होतो, पुण्यात १३-१४ मेच्या सुमारास, मुंबईत १५-१६ मेच्या, नागपुरात मेच्या शेवटच्या आठवड्यात. पुण्या-मुंबईत तो जुलैच्या अखेरीस संपतो. या दिवसांत काठीची सावली पश्चिम-दक्षिण-पूर्व अशी जाते. म्हणजे विडरशिन्स!

करून बघायचं तर असं. पाऊस सुरू व्हायच्या आधी, पुण्या-मुंबईत २० मे ते ५ जूनच्या मध्ये. एक मीटरची बारीक सळई घ्या. काठी जाड असली तर दुपारची सावली तिच्या बुडातच लपते. ओळंब्याने दोन्ही बाजूंनी उभी करा. हे टाळू नका, कारण एक अंश कलली तरी टोकाची खूण पावणेदोन सेंटिमीटर सरकते, आणि पुण्यात २५ मेला भर दुपारची सावलीच जेमतेम चार सेंटिमीटर असते. १ जूनला सहा. जमीन सपाट हवी, गच्ची उत्तम, पण पाण्याचा उतार बघून घ्या. सकाळी अकरापासून दर अर्ध्या तासाने सावलीच्या टोकाशी खडूची खूण करा, बारा ते एकमध्ये दर पाच मिनिटांनी. पुण्याचा खरा मध्यान्ह तेव्हा साडेबाराच्या आसपास, मुंबईचा तीन-चार मिनिटं उशिरा. बाराला थांबलात तर खुणा अर्धवट राहतील. खुणा जोडल्या की रेघ सळईच्या दक्षिणेकडून गेलेली दिसेल. तीच सळई डिसेंबरात लावा, रेघ उत्तरेकडून जाईल.

मोडी लिपिक

एक दुरुस्ती. सगळा दिवस उलटा नसतो ना? उगवतीनंतर बराच वेळ सावली आधी सुलट सरकते.

ओळंबा

बरोबर, ते लिहायचं राहिलं. पुण्यात २१ जूनला उगवता सूर्य उत्तरेपासून ६५ अंशांवर असतो, तिथून सुमारे ७५ अंशांपर्यंत पूर्वेकडे सरकतो आणि मग माघारी उत्तरेकडे वळतो. संध्याकाळी याचं प्रतिबिंब. म्हणून अकरापासून खुणा करा म्हटलं, सकाळचा भाग गोंधळात टाकतो.

निंबोणी

म्हणजे मेअखेर-जूनमध्ये पुण्यात भर दुपारी विडरशिन्स फिरणारा माणूस सावलीच्या सोबतच फिरत असतो. वाचनखूण साठवली.

रानजाई

मूळ प्रश्नाकडे. 'डाव्या हाताला ठेवून' ही कृती झाली, पण आडवाट यांना एक शब्द हवा आहे जो दोनदा येईल आणि कानात राहील. मराठीत डाव्या-उजव्याची दोन क्रियापदं आहेत, ती इथे कोणी काढली नाहीत. कूस उजवते, लेकीला उजवतात: चांगलं, फळलेलं ते 'उजवणं'. आणि मान न देता बाजूला सारणं ते 'डावलणं'. त्यात 'डावा' आजही स्पष्ट ऐकू येतो. सूर्याला डावलून जाणं. दिशा, उलटेपणा आणि सूर्याचा अपमान, तिन्ही एका शब्दात, आणि आठ वर्षांच्या मुलाला 'मला डावललं' हे चांगलं कळतं.

तिरपा कौल

'डावलफेरी'!

मोडी लिपिक

'डावलफेरी' शब्दकोशात नाही, पण घडण मराठी आहे. भोवरफेरी, घिरटफेरी म्हणावं तशी. मला चालेल. पहिल्यांदा येईल तिथे हाताची खूण द्या, म्हणजे तळटीप लागणार नाही.

आडवाट

असं केलं आहे, बघा.

'चेंडू चर्चच्या पल्याड गेला. एलन धावली. उजव्या हाताने जायचं सोडून, चर्च डाव्या हाताला ठेवून, सूर्याला डावलून ती धावली. डावलफेरी! भावांनी हाक मारली तोवर ती कोपऱ्याआड गेली होती.'

आणि टेकडीपाशी: 'टेकडी डाव्या हाताला धर. तीन डावलफेऱ्या घाल. दर फेरीला म्हण, उघड दारा, उघड दारा, मला आत येऊ दे.'

ओळंबा

'उजव्या हाताने जायचं सोडून' काढा. चर्च उजव्या हाताला ठेवणं आणि उजव्या हाताने जाणं यांत मुलं गोंधळतील. रस्त्यात 'उजव्या हाताने जा' म्हणजे उजवीकडे वळा. नुसतं 'चर्च डाव्या हाताला ठेवून' पुरे.

आडवाट

काढलं.